संवाद सासूबाईंचे

मेहुण्याची सुपारी फुटायच्या दिवशी माणसानं सीन लिहायला घेऊ नये, एवढी अक्कल महेंद्रला असायला हवी होती. पण मालिकेच्या लेखकाला नाही म्हणायची सोय नसते. त्यानं इकडे नाही म्हटलं की तिकडे दुसरा लेखक हो म्हणून मोकळा होतो आणि पहिल्याला ते टीव्हीवर नावं सरकताना कळतं. म्हणून तिसगावच्या वेशीत गाडी वळत असताना मुंबईहून ओमचा फोन आला, तेव्हा शेजारी बसलेल्या बायकोचे डोळे मोठे झालेले दिसत असूनही महेंद्र म्हणाला, "बोला सर."

ओम हा चॅनेलकडचा माणूस. महेंद्र पहिली मालिका लिहीत होता तेव्हा ओम गळ्यात वॉटरबॅग अडकवून शाळेत जात असणार. पण मालिका पुढे चालणार की गुंडाळणार, हे ज्या तोंडातून बाहेर पडतं त्या तोंडाला सर म्हणावंच लागतं. ओमही उलट महेंद्रला सरच म्हणायचा. फक्त त्यात मान कमी आणि घाई जास्त असायची.

"महेंद्र सर, छोटासा इश्यू झालाय. सूनबाईला डेंग्यू झालाय. आजचे तिचे सगळे सीन गेले. सेटवर भागीरथीबाई एकटी बसून आहे. तिचा एकटीचा एक सीन द्या. तगडा. जेवणाच्या सुट्टीनंतर लगेच घेतो."

"सर, आज माझ्या मेहुण्याची..."

"दोन-तीन पानं हो सर. तुम्ही झोपेत लिहाल. आणि उद्याच्या एपिसोडला आपल्याकडे दुसरं काहीच नाहीये, एवढं फक्त लक्षात असू द्या." फोन बंद.

"काय म्हणाला?" जयमालानं विचारलं.

"काही नाही. एक छोटा सीन."

"आज?" जयमाला म्हणाली. या एका शब्दात इतकं काही होतं की तो शब्द पडद्यावर घ्यायचा तर कॅमेऱ्याला तीन बाजूंनी घ्यावा लागला असता.

आता हे भागीरथीबाई प्रकरण सांगायला हवं. महेंद्र लिहायचा ती मालिका 'माप ओलांडताना'. संध्याकाळी लागायची आणि नगर जिल्ह्यात तरी त्या वेळेला चुलीवर काय करपतंय याची कुणाला शुद्ध नसायची. भागीरथीबाई ही त्यातली छळवादी सासू. पहिले काही महिने ती नुसतीच डोळे वटारायची, आणि प्रेक्षक दुसऱ्या चॅनेलवर जायचे. सासू थंड आहे, लेखक बदलू, असं चॅनेलमध्ये चालू झालं होतं. त्याच सुमारास महेंद्र सासुरवाडीला आला. सासूबाई, म्हणजे सुमनबाई, दारात उभ्या होत्या. दिवाळीला आलेल्या लेकीला बघून त्या कडाडल्या, "ये बाई. पाय पूस, आन माझ्या चुलीकडं बघायचं न्हाई!"

महेंद्रच्या अंगावर काटा आला. त्यानं लगेच मोरीकडे जाऊन मोबाईलमध्ये ते टिपलं. पुढच्या आठवड्यात भागीरथीबाईनं तेच वाक्य नव्या सुनेला दारात ऐकवलं, ढोल वाजला, आणि मालिका वर चढली ती चढलीच. तेव्हापासून महेंद्रला सासुरवाडीची फार ओढ लागली. इतर जावई पाहुणचाराला जातात, हा माल भरायला जायचा.

सुमनबाई ही मालिका एकही दिवस चुकवत नसत. तोंडाला पदर लावून बघायच्या आणि भागीरथीबाईला मोजून शिव्या घालायच्या. "काय ही भवानी! असल्या बाईच्या घरात कोन पोरगी दील?" असं त्या महेंद्रच्या तोंडावर म्हणायच्या. आपणच ती, हे त्यांच्या ध्यानातही आलं नव्हतं. जयमालाला मात्र पहिल्याच वाक्याला कळलं होतं. ती एवढंच म्हणाली होती, "आईला समजलं ना, तर माझं माहेर तुटेल आणि तुमचं जेवण."

आणि आजचा दिवस साधा नव्हता. अंगद, जयमालाचा धाकटा भाऊ, नागापूरच्या एका कारखान्यात सुपरवायझर. निर्व्यसनी, कमावता, स्वभावानं गरीब. पण तिशी उलटून गेली तरी लग्न जमत नव्हतं. कुणाला पुण्याचा फ्लॅट हवा होता, कुणाला गावाकडची सासू नको होती. शेवटी शेजारच्याच कारखान्यात क्वालिटी विभागात काम करणारी पारनेरची संस्कृती आणि अंगद यांचं त्यांचं त्यांनीच बरंचसं जमवत आणलं. तिचे वडील आप्पासाहेब तयार झाले, पण एका अटीवर. त्यांची थोरली बहीण मनकर्णा सासरी फार सोसून, भरल्या कपाळानं माहेरी परत आलेली. संस्कृतीची आई लवकर गेल्यावर तिला वाढवलं ते याच आत्यानं. तेव्हा आज सगळ्यांनी तिसगावला यायचं, घर बघायचं, सासू बघायची. आत्याचं मन भरलं तर तिथेच सुपारी फोडायची. नाही भरलं, तर चहा पिऊन परत जायचं.

अंगद सकाळपासून अंगण तिसऱ्यांदा झाडत होता.

"दाजी," महेंद्रच्या हातातली बॅग घेत तो म्हणाला, "आज लॅपटॉप कशाला आनला?"

महेंद्रनं मधल्या खोलीत जाऊन लॅपटॉप उघडला, आणि लाईट गेली.

बॅटरीचा आकडा लाल झालेला. गावात खात्रीचा इन्व्हर्टर एकच, बाजारातल्या बजरंगच्या सेवा केंद्रात. बजरंग म्हणजे अंगदचा बालमित्र. त्याच्या केंद्रात सातबारा, पॅनकार्ड, विमा, लग्नाचे बायोडाटे असं सगळं एका छपराखाली मिळायचं. महेंद्र लॅपटॉप छातीशी धरून तिथे पोचला, तर बाहेर केवायसीची रांग.

"पाव्हनं, नंबरानं," रांग म्हणाली.

"मला फक्त चार्जिंगला लावायचाय."

"लावा की दाजी," बजरंग आतून म्हणाला. "आधारची झेरॉक्स द्या फक्त. मागं एक जन दुसऱ्याचाच मोबाईल घेऊन पसार झाला, तवापासनं चार्जिंगला झेरॉक्स लागतीच."

महेंद्रनं आधार काढलं. बजरंगनं मशीनकडे पाहिलं. "ह्यो मशीन इन्व्हर्टरवर चालत न्हाई. लाईट आली की काढू झेरॉक्स, मग लावा."

"लाईट आल्यावर मी घरीच लावीन ना, बजरंगराव!"

"ते बी खरंय," बजरंग म्हणाला. पण त्यानं नियम तसूभर हलवला नाही. या देशात नियम करणाऱ्याला तो मोडायला लाज वाटते, हे महेंद्रनं एका पात्राच्या तोंडी कधीच घालून ठेवलं होतं. आता ते त्याच्याच पायात आलं.

तेवढ्यात रांगेला कळलं की हेच ते मालिकावाले. मग केवायसी राहिली बाजूला.

"त्या भागीरथीला लकवा मारा," एक म्हातारे म्हणाले. "लई झालं तिचं."

"लकवा कशाला? सुनंच्या हातनं एक कानाखाली बसू द्या," मागून एक बाई.

"कानाखाली मारली तर मालिका संपंल, मग आमी बघावं काय?"

दोन तट पडले. एरवी महेंद्रनं हे सगळं छाती फुगवून ऐकलं असतं. पण घड्याळ पुढे चाललं होतं, फोनवर ओमचे दोन मिस्ड कॉल होते, आणि रांगेतून एक आवाज आला, "काय बी म्हना, बोलती मातुर आपल्या सुमनबाईवानीच!"

सगळे हसले. मग एकदम महेंद्रकडे बघू लागले. तेव्हा त्याच्या लक्षात आलं की हे अख्ख्या गावाला ठाऊक आहे. फक्त एका घराला नाही.

"बजरंगराव," तो त्याला बाजूला घेऊन म्हणाला, "आज पाहुण्यांसमोर मालिकेचा विषय नको. हात जोडतो."

"दाजी, माझ्या तोंडातनं शब्द जायचा न्हाई," बजरंग म्हणाला, आणि केंद्राला कुलूप लावून मदतीला म्हणून त्याच्या मागोमाग घरी आला. लॅपटॉप वाटेतच मेला.

घरी जयमाला आईला समजावत होती. "आई, आज जरा जपून बोल."

"म्हंजी कशी बोलू?" पुरण वाटता वाटता सुमनबाई म्हणाल्या. "मी काय वंगाळ बोलते का कधी?"

यावर जयमालानं नवऱ्याकडे पाहिलं. नवऱ्यानं छताकडे पाहिलं.

गाडी दारात आली. आप्पासाहेब उतरले, पांढरा सदरा, कमी बोलणारा माणूस. मागून मनकर्णाआत्या, वाळक्या अंगाची, घराच्या भिंतीपासून उंबऱ्यापर्यंत सगळं डोळ्यांनी चाचपणारी. आणि मग संस्कृती. आपण राहायचं ते घर आपण बघू नये का, असं म्हणून ती स्वतः आली होती. सुमनबाईंना सकाळपासून भरून येत होतं. एवढ्या वर्षांनी दारात सून उभी. त्या लगबगीनं पुढे झाल्या आणि मनापासून, अगदी लेकीला म्हणाव्या तशा, खणखणीत आवाजात म्हणाल्या, "ये बाई. पाय पूस, आन माझ्या चुलीकडं बघायचं न्हाई!"

संस्कृतीचा पाय उंबऱ्यावर तसाच राहिला.

मनकर्णाआत्यानं सुमनबाईंना खालपासून वरपर्यंत पाहिलं आणि हळूच म्हणाली, "ह्ये मी कुठंतरी ऐकलंय."

"मग!" बजरंगला राहवलं नाही. एवढा मोठा मान गावाच्या पदरात पडत असताना गप्प बसणारा तो नव्हता. "भागीरथीबाई! टीव्हीवरची! आवो, आमच्या दाजींनीच लिवलीय ती मालिका. सगळा माल हितलाच हाय!"

सुमनबाई तोवर पाणी आणायला आत वळल्या होत्या. त्यांना ऐकू गेलं नाही. बाकी सगळ्यांना गेलं.

पाहुणे बसले, पण बसणं सैल नव्हतं. आत्या मांडी न घालता टेकल्यासारखी बसली होती. आतून सुमनबाईंचा आवाज आला की ती दचकायची. आप्पासाहेब पावसापाण्याचं बोलत होते आणि बहिणीच्या तोंडाकडे बघत होते. महेंद्रच्या खिशात फोन एकसारखा थरथरत होता. शेवटी मेसेज आला, "सर, युनिट बसून आहे. आर्टिस्ट चिडलीय. आता नाही आला तर मी वर काय सांगू?" वर म्हणजे कुठे, हे महेंद्रला माहीत होतं. तिथून मागच्या वर्षी दोन लेखक खाली आले होते.

टाईप करायला लॅपटॉप नाही. मोबाईलवर टाईप करायला वेळ नाही. बोलून पाठवावा, एवढाच मार्ग उरला. तो पाहुण्यांची नजर चुकवून घरामागच्या गोठ्यात गेला. तिथे फोनला थोडी रेंज यायची. समोर गाय रवंथ करत उभी. महेंद्रला संवाद पुटपुटून सांगता येत नसत. भागीरथीबाई अंगात आल्याशिवाय तिचं वाक्य सुचायचं नाही. आणि आज डोक्यात दुसरं होतं तरी काय? त्यानं रेकॉर्डिंगचं बटण दाबलं, कमरेवर हात ठेवला, आणि सासूबाईंच्या ठेक्यात तो गाईला म्हणाला:

"एकदा सुपारी फुटू दे! मग या घराचं दार तिला आतनंच दिसंल, बाहेरनं न्हाई! लई शिकलीय म्हनं. शिकलेल्या पोरी कशा वाकवायच्या ते माझ्याकडनं शिका. आन तिची ती आत्या! तिला तर या उंबऱ्याची धूळ बी दिसू देनार न्हाई!"

गोठ्याच्या पलीकडच्या हौदावर आप्पासाहेब हात धूत होते.

महेंद्र वळला तर ते समोर. ओले हात तसेच पुढे धरलेले. महेंद्रच्या फोनवर पाठवण्याचं चक्र गरगर फिरत होतं आणि पुढे सरकत नव्हतं.

"हे... सीनमधलं आहे," महेंद्र म्हणाला.

"हं," आप्पासाहेब म्हणाले. "मालिकेत आत्या हाय का?"

नव्हती. ती महेंद्रला आत्ताच सुचली होती.

पुढचं फार झटपट झालं. आप्पासाहेबांनी बहिणीच्या कानात काहीतरी सांगितलं. मनकर्णाआत्या उठून उभी राहिली. पानं मांडलेली, पोळ्यांवर तूप सोडलेलं, आणि पाहुणे चपला शोधतायत. सुमनबाई आमटीची वाटी घेऊन बाहेर आल्या नि तिथेच थांबल्या.

"का वो? काय झालं?"

अंगद भिंतीला टेकला. त्याच्या चेहऱ्याकडे बघवत नव्हतं. सबंध आयुष्याचा माल रिजेक्ट होऊन परत आला की सुपरवायझरचा व्हावा तसा तो झाला होता. जयमालानं बजरंगकडे पाहिलं, बजरंगनं महेंद्रकडे.

शेवटी मनकर्णाआत्याच बोलली. तिच्या आवाजात भांडण नव्हतं, आणि त्यानं जास्तच कसंतरी झालं. "बाई, राग मानू नका. मी एकदा असल्या घरात राहून आलीय. ही पोरगी मी त्यात घालायची न्हाई. टीव्हीवर ती भागीरथी बोलती ना, ती तुमी हाय. तुमच्या जावयानंच तुमचं बोलनं उचलून तिला दिलंय. सगळ्या गावाला म्हाईत हाय."

सुमनबाईंनी वाटी खाली ठेवली. सावकाश ठेवली, आमटी सांडू दिली नाही.

"जावईबापू," त्या म्हणाल्या. "ती भवानी म्हंजी मी?"

त्याच क्षणी ओमचा फोन आला. महेंद्रनं तो कापला. लेखक झाल्यापासून त्यानं चॅनेलचा फोन कापण्याची ही पहिलीच वेळ; पण त्याचं कौतुक करायला तिथे कुणी नव्हतं.

"वाक्यं तुमची आहेत, आई," तो म्हणाला. "बाई मी बनवलेली आहे."

"कंची वाक्यं?"

हजार भाग लिहिलेल्या महेंद्रला एकही वाक्य आठवेना. मनकर्णाआत्याला मात्र सगळी पाठ होती.

"ते काय, 'पाय पूस, आन माझ्या चुलीकडं बघायचं न्हाई'."

"बरं. पुढं?"

"पुढं काय?"

"पुढं काय म्हनती ती?"

"पुढं काय न्हाई. पुढं ढोल वाजतो."

"ढोल वाजायच्या आदी मी बोलले हुते की!" सुमनबाई लेकीकडे वळल्या. "जयमाले, सांग. काय म्हनले हुते मी तुला दिवाळीला?"

जयमालानं नवऱ्याकडे न बघता सांगितलं, "'माझ्या चुलीकडं बघायचं न्हाई. वर्षभर तिकडं रांधतीसच. हितं आयतं खायचं.'"

पण आत्या एवढ्यावर ऐकणारी नव्हती. "आन ते? 'या घरात माझ्या आधी कुनी उठायचं न्हाई'?"

"ते मी ह्यांनाच म्हनले हुते," सुमनबाईंनी जावयाकडे बोट केलं. "हे रातभर लिवत बसत्यात आन आमच्या घरी आले की लाजंकाजं पहाटं उठून बसत्यात. म्हनलं, माझ्या आधी कुनी उठायचं न्हाई, पानी मी तापवते, तुमी निजा. ते बी न्हाई सांगितलं?" त्या जावयासमोर येऊन उभ्या राहिल्या. "जावईबापू, माझं बोलनं घेतलं तर घेतलं. मला काय त्याचं भाडं नको हुतं. पर अर्धंच का घेतलं?"

महेंद्रनं आजवर टीकाकार सोसले होते, चॅनेल सोसलं होतं, कुठल्याशा कार्यक्रमात स्वतःचं नाव 'मच्छिंद्र' म्हणून पुकारलेलं सोसलं होतं. पण हा प्रश्न त्या सगळ्याहून जड होता. अर्ध्यात थांबलं की ताण येतो, हे खरं उत्तर होतं; ते त्या अंगणात उच्चारायची त्याची छाती झाली नाही.

"सर, मी एक विचारू?" संस्कृती पुढे येऊन म्हणाली. "तुमच्या मालिकेतली सून कधी उलटून का विचारत नाही? मी दारात होते तेव्हा मीच विचारायला हवं होतं, का बघायचं नाही चुलीकडे म्हणून. मग पुढचं मला तिथेच कळलं असतं."

"विचार की गं बाई," सुमनबाई म्हणाल्या. "मला बी मुक्या मान्सासंगं बोलाया जमत न्हाई."

अंगदनं भिंतीवरून पाठ काढली. पण मनकर्णाआत्या चपलांपाशीच उभी होती. "बोलायला काय जातंय," ती म्हणाली. "माझी सासू बी पाव्हन्यांम्होरं लई ग्वाड बोलायची." मग तिनं चपला सोडल्या. "मला तुमची चूल बघायची हाय."

"या," सुमनबाई म्हणाल्या.

दोघी आत गेल्या. दार लोटलं गेलं.

बाहेर आप्पासाहेब तुळशीकडे बघत उभे. अंगद आणि संस्कृती एकमेकांपासून हातभर अंतरावर, पण एकमेकांकडे न बघता. बजरंगनं दोनदा तोंड उघडलं आणि जयमालाच्या नजरेनं दोनदा मिटलं. आतून आधी काहीच ऐकू आलं नाही. मग भांडं पडल्याचा आवाज झाला. मग सुमनबाईंचा एक चढा शब्द, त्यावर आत्याचा त्याहून चढा, आणि पुन्हा सगळं शांत. बायका आत काय बोलत असतील हे लिहूनच महेंद्रचं घर चाललं होतं. आता त्यानं मनातल्या मनात त्या दाराआड कितीतरी वाक्यं लावून पाहिली, एकही बसेना. आत्यानं हे विचारलं असेल तर आई ते म्हणतील, छे, नाही म्हणणार. मग रडतील? आईंना रडताना त्यानं कधी पाहिलंच नव्हतं. बिनसलं असेल तर एव्हाना दार उघडलं असतं. की बिनसलं म्हणूनच उघडत नाही? आपल्यामुळे या पोराचं लग्न मोडलं तर आपण या घराच्या भाकरीला कधी हात लावायचा नाही, असं तो स्वतःला बजावत होता.

दार उघडलं. पुढे मनकर्णाआत्या. डोळे लाल, नाकाच्या शेंड्याला पुरण लागलेलं.

"आप्पा," ती भावाला म्हणाली, "सुपारी काढ."

"काय म्हनली ती?" आप्पासाहेबांनी विचारलं.

"काढ म्हनलं ना."

मागून सुमनबाई पदरानं तोंड पुसत आल्या आणि उभ्या पाहुण्यांवर कडाडल्या, "आन ऐका. या घरातनं मी कुनाला सुखासुखी जाऊ देत न्हाई!" सगळे दम धरून थांबले. "जेवल्याबिगर," त्या म्हणाल्या, आणि पहिल्यांदा हसली ती मनकर्णाआत्या.

सुपारी फुटली. पंगत बसली. महेंद्रच्या पानात तूप नेहमीपेक्षा कमी पडलं, पण पडलं. एका शब्दानंही सासूबाई त्याच्याशी बोलल्या नाहीत. त्या न बोलण्याचा धाक मात्र वाढपात, तुपात, आमटीत, सगळ्यांत होता.

सीन गेलाच नाही. लाईट संध्याकाळी आली, तेव्हा युनिट घरी गेलेलं. महेंद्रनं मनाची तयारी केली; नगरला एखाद्या शाळेत मराठी शिकवायला जागा असेल का, असंही जयमालाला विचारून ठेवलं. दुसऱ्या दिवशी त्यानं मन घट्ट करून मालिका लावली. भागीरथीबाई झोपाळ्यावर बसली होती. नुसती बसली होती. दिग्दर्शकानं वैतागून तिला तशीच टिपली होती. ती खिडकीबाहेर बघत होती, वारा पदराशी खेळत होता, मागे बासरी. एक अक्षर नाही.

ओमचा फोन आला तेव्हा महेंद्र उभा राहूनच बोलला.

"सर! काय एपिसोड झालाय! लोक वेडे झालेत. तो सायलेन्स! तुम्ही आजवर लिहिलेलं बेस्ट आहे हे."

"थँक्यू सर," महेंद्र म्हणाला. त्याच्या कारकिर्दीतलं सर्वांत मोठं कौतुक असं एका न लिहिलेल्या पानाच्या वाट्याला गेलं.

त्या भरात त्यानं एक धाडस केलं. पुढच्या भागात भागीरथीबाईची वाक्यं त्यानं पुरी लिहिली. "या घरात माझ्या आधी कुणी उठायचं नाही" याच्यापुढे पाण्याचं आणि झोपेचं सगळं घातलं. ओमनं ते दुपारच्या आत परत पाठवलं. "सर, मागचं अर्धं काढलंय. सासू सॉफ्ट होतेय. पंच जातो." महेंद्र भांडला. खरोखर भांडला, आवाज चढवून, घरातल्या घरात फेऱ्या मारून. आणि हरला.

त्या संध्याकाळी तिसगावहून फोन आला. सुपारीच्या दिवसानंतर सासूबाईंचा पहिलाच.

"जावईबापू, आज बी अर्धंच."

"वेळ संपते, आई. तेवढ्या वेळात सगळं बसवावं लागतं."

"वेळ कशी संपती? ती साबनवाली मधीच तीनदा येऊन हात धुऊन जाती. तिचं एकदा कमी करा, बसंल माझं वाक्य."

महेंद्रनं हे ओमला जसंच्या तसं सांगितलं. ओम पोट धरून हसला. "भारी आहेत या! कोण आहेत सर? लिहितात का?"

त्यानंतर काही दिवसांनी अंगद नगरला महेंद्रच्या घरी आला, तेव्हा एक नवी गोष्ट कळली. रोज संध्याकाळी मालिका संपली की सुमनबाई पारनेरला संस्कृतीला फोन लावतात आणि भागीरथीबाईनं त्या दिवशी जे अर्धवट टाकलं असेल ते तिला पुरं करून सांगतात. संस्कृती उलट प्रश्न विचारते. मनकर्णाआत्या शेजारी बसून कान लावते आणि मधूनच स्वतःचं काहीतरी घालते. त्यांचं बोलणं मालिकेपेक्षा जास्त वेळ चालतं, असं अंगद म्हणाला, आणि ते सांगताना तो जरा लाजला.

अंगद गेल्यावर महेंद्र स्वयंपाकघरात आला. जयमाला वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती. त्यानं एक टॉवेल उचलला, दोनदा चुकीची घडी घातली आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, "काय सांगतात गं आई रोज तिला?"

"मला माहीत आहे," जयमाला म्हणाली.

"मग सांग की."

"तुम्हाला सांगायचं नाही, असं आईनं बजावलंय." तिनं त्याच्या हातातून टॉवेल घेतला आणि त्याची नीट घडी घातली. "तुम्ही लिहाल."